आवाज नंतर टाकू

तो सिनेमा मोबाइलवर आला तेव्हापासून जो भेटतो तो मला विचारतो, "मास्तर, त्यातली ते डबेवाली बाई खरीच तुमच्या गावची हाये काय?" मी हो म्हणतो. मग पुढचा प्रश्न येतो, "आता कुठी राह्यते?" इथे मी चहा सांगतो, नाही तर बस आली म्हणून उठतो. कारण बाई कुठे आहेत हे मला माहीत नाही. ठाण्याबाहेरच्या फलकावर हरवलेल्या माणसांत त्यांचा फोटो लावला आहे. दुसरा फोटोच कुणाकडे नव्हता, म्हणून त्याच सिनेमातला तुकडा मोठा करून चिकटवलाय. ज्यांनी चिकटवला त्यांना लाज कशी वाटली नाही, हे मला अजून कळलेलं नाही.

गावाचं नाव मी लिहीत नाही. चामोर्शीहून आत वळलं की जंगल लागतं आणि जंगलातच आमचं गाव लागतं, एवढं पुरे. मला अजून तिथेच राहायचं आहे.

पंचफुलाबाई रामटेके यांची खानावळ ठाण्याच्या बरोबर समोर, रस्त्याच्या अलीकडे होती. मी शाळेत लागलो तेव्हा एकटा होतो म्हणून तिथे जेवायला लागलो. पुढे लग्न झालं तरी दुपारचं जेवण तिथलं सुटलं नाही, आणि त्यावर माझ्या बायकोनं जे बोलायचं ते बोलून घेतलं. बाई ठेंगण्या, आवाज मोठा, चालणं तुरुतुरु. लाखोळीची डाळ आणि झिंगे-वांगे यात त्यांचा हात धरणारं कुणी नव्हतं. झिंगे, म्हणजे इकडची कोळंबी, चामोर्शीच्या बाजारातून स्वतः निवडून आणायच्या आणि विकणाऱ्याला इतकं पिडायच्या की तो बाईंना लांबूनच बघून गिऱ्हाइकांच्या मागे लपायचा.

ठाण्याच्या कोठडीत जे असतील त्यांचं जेवण बाईंकडून जायचं. ही सरकारी पद्धत आहे. पकडलेल्या माणसाला उपाशी ठेवता येत नाही, म्हणून जवळच्या खानावळीला काम देतात. दुसरीकडे डबा शिपायाच्या हाती देतात आणि मोकळे होतात. बाई तसं करत नसत. भात, डाळ, भाजी पत्रावळीवर वाढून त्या स्वतः घेऊन जायच्या, गजांखालून आत सरकवायच्या आणि आतला माणूस जेवून हात धुईपर्यंत तिथेच उकिडव्या बसायच्या. मी एकदा विचारलं, एवढा खटाटोप कशाला?

"डबा आत गेला म्हंजे पोटात गेला असं नाई ना मास्तर," त्या म्हणाल्या. "मधात लय हात हायेत."

आतल्या माणसाला त्या पाहुणा म्हणत. काय गुन्हा केला, हे कधीही विचारलं नाही. विचारायचं ते एकच, "तिखट चालते काय?" सगळ्या ठाण्याला पाहुणा हा शब्द लागला होता. सकाळी शेख हवालदार रस्त्यापलीकडूनच ओरडून सांगायचे, "बाई, आज तीन पाहुणे!" आणि बाई त्या हिशेबानं तांदूळ धुवायला घ्यायच्या. शेख हवालदार आमच्याच गावात म्हातारे झालेले, चार लेकींचे बाप, आवाज न चढवणारे. बाई त्यांना भाऊ म्हणायच्या.

आमच्याकडे दारूबंदी. तेव्हा पाहुणे बहुतेक मोहाची काढणारेच असायचे. वरून केसेस मागितल्या की काढणारे आपसांत पाळी ठरवत. या वेळी कुणी आत जायचं ते त्यांच्यातच ठरे, आणि ज्याची पाळी तो आंघोळ करून, स्वच्छ सदरा घालून ठाण्यात हजर होई. खरा माल ट्रकनं यायचा आणि ट्रक कुणाला दिसायचा नाही. लख्माजी नावाचा एक म्हातारा तर पाळी नसताना यायचा. "बाईचे झिंगे खाऊन लय दिवस झाले साहेब, मले घ्या आत," म्हणायचा. बाई त्याला शिव्या द्यायच्या आणि दोनदा वाढायच्या. आम्ही हसायचो. सगळं गाव हसायचं. गैरव्यवहार इतका घरगुती झाला होता की तो आमच्या कुणाच्या डोळ्यांत खुपत नव्हता.

मग नवे साहेब आले. त्यांना मी साहेबच म्हणतो. उंच, गुळगुळीत दाढी केलेले, बोलणं हळू आणि गोड. शिवी नाही, हात उगारणं नाही. संध्याकाळी ठाण्यासमोरच्या गुलाबांना स्वतः पाणी घालायचे. शाळेच्या कार्यक्रमाला आले तेव्हा मुलांशी अर्धा तास बोलले आणि मला म्हणाले, "मास्तर, मुलं घडवणं हेच खरं काम." मी घरी येऊन बायकोला सांगितलं की असा माणूस या खात्यात विरळा. बाईंना मात्र ते पहिल्या दिवसापासून पटले नाहीत.

"काऊन हो बाई?" मी विचारलं.

"तो माणूस माया घरचं पाणीबी पेत नाई," बाई म्हणाल्या. "ज्याले कोनाचं काईच नाई पाहिजे, त्याले लय मोठं काईतरी पाहिजे असते."

ते काय, हे हळूहळू दिसू लागलं. मोहावाल्यांची पाळी बंद झाली. आता कुणालाही, केव्हाही उचलत. ठाण्यात जप्त केलेल्या दारूची खोकी मुद्देमालाच्या खोलीत जायची आणि काही दिवसांनी तीच खोकी आसपासच्या गावांत विकायला निघायची. न्यायचं काम धानोऱ्याकडच्या एका टोल्यावरचा, म्हणजे लहानशा वस्तीवरचा, मंगेश नावाचा तरुण आपल्या पिकअप गाडीतून करायचा. हे सगळ्यांना माहीत होतं आणि कुणीही बोलत नव्हतं. मीही त्या काळात जेवताना ठाण्याकडे पाठ करून बसायला लागलो होतो.

याच सुमारास सिनेमावाले आले. मुंबईची मंडळी, गोष्ट एका भ्रष्ट ठाणेदाराची. गावाबाहेर तेंदूपत्त्याचं जुनं गोदाम होतं; त्याला रंग दिला, गजांची कोठडी केली, वर 'पोलीस ठाणे' अशी पाटी लावली. वडशाच्या नाटक कंपन्यांतली दोनचार माणसं शिपाई म्हणून घेतली. सिनेमातल्या ठाणेदाराला झुपकेदार मिशा होत्या, काळा चष्मा होता आणि तो बोलताना टेबलावर बूट ठेवायचा. आमचे साहेब मुहूर्ताला गेले, त्यांनी नारळ फोडला, त्या नटाला सॅल्यूट कसा करायचा ते दाखवलं आणि खात्याची एक जीपही वापरायला दिली.

गंमत अशी की पाटी बघून माणसं तिकडेच तक्रारी घेऊन जायला लागली. एकाची बकरी चोरीला गेली होती. मिशावाल्या नटानं त्याला खुर्ची दिली, पाणी दिलं, सगळं ऐकून घेतलं, आणि शेवटी बिचाऱ्याला सांगावं लागलं की बाबा, मी खोटा आहे. तो माणूस उठता उठता म्हणाला, "असू द्या साहेब. खऱ्यानं तर बसूबी देल्लं नाई." या सगळ्या मंडळींचं जेवणही बाईंकडून जायचं. दिग्दर्शक पोरगेलासा, चष्मेवाला होता. बाईंच्या झिंग्यांनी त्याचं पोट बिघडलं, तरी तो खातच राहिला.

एका सकाळी शेख हवालदार रस्ता ओलांडून जवळ आले. ओरडले नाहीत. हळूच म्हणाले, "बाई, आज दोन." बाईंना तेव्हाच चमत्कारिक वाटलं असावं, कारण दोनच पत्रावळी त्यांनी पुन्हा पुन्हा मोजल्या. परत आल्या तेव्हा चेहरा उतरलेला होता. मी जेवत होतो. माझ्यासमोर बसल्या आणि सांगू लागल्या.

"मंगेश हाये आत. तो पिकअपवाला. उजवा हात उचलत नाई त्याचा. म्या गजातून हात घालून घास भरवला त्याले. मले म्हणे, माया मायले सांगजो, मी इथी हाये. म्हणे, मी साहेबाले म्हटलं का आता हे काम मी करत नाई, अन् धरलं तर कोनाची खोकी हायेत ते सांगून देईन."

"काय केलं साहेबांनी?"

"मी ते नाई विचारत ना मास्तर कोनाले," बाई म्हणाल्या, आणि पहिल्यांदाच मला दिसलं की न विचारल्याचं त्यांना वाईट वाटतंय.

दुसऱ्या सकाळी हवालदार आले आणि जमिनीकडे बघत म्हणाले, "बाई, आज एकच." दुसरा पाहुणा कुठे गेला असं बाईंनी विचारलं. रात्रीच जीपनं नेऊन सोडला, असं उत्तर मिळालं. बाईंनी धानोऱ्याच्या बसवाल्याजवळ मंगेशच्या आईला निरोप धाडला. आईचा उलट निरोप आला की पोरगा घरी आलाच नाही.

मंगेश सापडला तो जंगलात, नाल्याच्या अंगाला. वाघानं मारलं, असं जाहीर झालं. आमच्या भागात यात कुणाला काही वावगं वाटत नाही; मोह वेचायला गेलेली माणसं वाघ खरोखर नेतो. वनखात्याचे गस्तीवाले आले, पंचनामा झाला, आईला भरपाईचा अर्ज भरायला सांगितलं. साहेब स्वतः तिच्या घरी जाऊन आले. ठाण्यातून सांगितलं गेलं की हा माणूस आमच्याकडे कधी आलाच नव्हता.

बाई शेख हवालदारांना गाठून म्हणाल्या, "भाऊ, तुम्हीच तर मले दोन सांगितले होते." हवालदारांचे डोळे भरून आले. "बाई, मी काईच नाई म्हटलं," ते म्हणाले. "माया पोरींची शप्पत, मले याच्यात घालू नका." बाईंनी पुन्हा कधी त्यांचं नाव घेतलं नाही. मंगेशसोबत कोठडीत असलेला पाहुणा तर सुटल्या सुटल्या मुलूख सोडून गेला होता. म्हणजे आता सांगणार कोण, तर एकट्या पंचफुलाबाई. गावात सगळ्यांना हे कळत होतं, आणि साहेबांनाही. ते गुलाबांना पाणी घालताना रस्त्यापलीकडे बघून हसायचे. 

दिग्दर्शकाच्या कानावर एवढंच आलं होतं की कोठडीत जेवण नेणारी एक बाई आहे. त्याला ती कल्पना फार आवडली. त्यानं लगेच एक प्रसंग लिहिला: ठाणेदार खानावळवालीला दरडावतो, इथे कोण होतं, कुणाला जेवू घातलंस? ती घाबरून म्हणते, मी कुणालाच पाहिलं नाही. आणि हे काम बाईंनीच करावं असा त्यानं हट्ट धरला. मला वाटलं, बाई त्याला झाडूनं मारतील. त्या हो म्हणाल्या.

शूटिंग बघायला अख्खं गाव गोदामापाशी जमलं होतं. शाळेला सुट्टी नव्हती, तरी नववी-दहावी तिथेच होती, म्हणून मलाही जावं लागलं. दिग्दर्शकाच्या शेजारी खुर्चीवर साहेब बसले होते. बाई हातात पत्रावळ घेऊन गजांजवळ उभ्या राहिल्या. मिशावाला नट पुढे आला, टेबलावर काठी आपटली आणि ओरडला, "बोल! कोण होतं इथं?"

बाईंनी त्याच्याकडे पाहिलंच नाही. त्या सरळ खुर्चीकडे बघत होत्या.

"होता," बाई म्हणाल्या. "मंगेश नाव त्याचं. उजवा हात उचलत नव्हता. म्या माया हातानं घास भरवला त्याले."

 दिग्दर्शकाला काहीच ठाऊक नव्हतं. तो उडी मारून उठला. "बाई, कमाल! चेहरा हाच ठेवा, फक्त वाक्य लिहिलंय तेच म्हणा." पुन्हा घेतलं. बाई पुन्हा तेच म्हणाल्या, आणखी मोठ्यानं. तिसऱ्यांदाही तेच. गर्दीत मागे कुणीतरी रडत होतं. शेवटी दिग्दर्शक घड्याळ बघून कॅमेरावाल्याला म्हणाला, "जाऊ दे, चेहरा फार सुंदर आलाय. आवाज नंतर टाकू."

साहेबांनी टाळ्या वाजवल्या. उठून बाईंजवळ आले आणि मायेनं म्हणाले, "बाई, तुम्ही तर मोठ्या नटी निघालात." टाळ्या वाजवणारे ते एकटेच होते. मला त्या दिवशी बाईंचा जेवढा अभिमान वाटला तेवढीच भीती वाटली. वर्गातली मुलं माझ्याकडे बघत होती, आणि मी त्यांना रांगेत उभं राहायला सांगितलं.

कोठडीच्या जेवणाचं काम त्याच आठवड्यात दुसऱ्याला गेलं. शिपाई खानावळीत यायचे बंद झाले. मग ट्रकवाले बंद झाले. कुणीतरी रात्रीतून खानावळीमागच्या विहिरीत रॉकेल ओतलं. बाई लांबच्या हापशावरून पाणी आणू लागल्या आणि मला एकट्याला जेवू घालू लागल्या. मी म्हटलं, काही दिवस वडशाला बहिणीकडे जाऊन राहा.

"जाईन ना," त्या म्हणाल्या. "पयले त्या मायचं काम होऊ द्या."

मंगेशच्या आईनं भरपाईच्या अर्जावर अंगठा दिला नव्हता. ती बाईंच्या खानावळीत येऊन बसली, आणि दोघी मिळून उपविभागाच्या ठिकाणी एसडीओंकडे, म्हणजे प्रांताधिकाऱ्यांकडे, अर्ज करून आल्या. चौकशी लागायला वेळ गेला. तोवर सिनेमा आला. आम्ही तो माझ्या मोबाइलवर खानावळीतच पाहिला. बाईंचा चेहरा आला, डोळे तेच, ओठ हलले, आणि आतून एका भलत्याच बाईचा शुद्ध पुणेरी आवाज आला, "मी कुणालाही पाहिलेलं नाही."

बाईंनी मोबाइल पालथा ठेवला. मग म्हणाल्या, "पाय बाप्पा. माया तोंडात दुसरीची जीभ घातली."

चौकशीत साहेबांच्या वकिलानं नेमकं तेच धरलं. बाईंच्या मागून माझाही जबाब होता, शूटिंगला हजर होतो म्हणून, त्यामुळे मी दाराशी बसून सगळं ऐकत होतो. वकील म्हणाला, ही बाई सिनेमात काम करते, शूटिंगमध्ये बोललेलं नाटक तिनं खरं मानलंय. आणि सिनेमात ती स्वतःच म्हणते की मी कुणाला पाहिलं नाही. त्यानं लॅपटॉप वळवून तो तुकडा लावला. पुणेरी आवाज खोलीभर घुमला. साहेब कोपऱ्यात मांडीवर टोपी ठेवून शांत बसले होते. मला वाटलं, संपलं.

"साहेब," बाई एसडीओंना म्हणाल्या, "याचा आवाज बंद करता येते काय?"

एसडीओ तरुण होते. त्यांनी क्षणभर विचार केला आणि वकिलाला खूण केली.

"आता पुन्हा लावा. अन् माया तोंडाकडं पाहा."

तुकडा पुन्हा सुरू झाला, मुका. बाई पडद्याच्या बाजूला जाऊन उभ्या राहिल्या. पडद्यावरच्या पंचफुलाबाईंचे ओठ हलले आणि त्याच क्षणी खोलीतल्या पंचफुलाबाई बोलल्या, "होता. मंगेश नाव त्याचं. उजवा हात उचलत नव्हता. म्या माया हातानं घास भरवला त्याले." एक अक्षर मागेपुढे नाही. एसडीओंनी आणखी एकदा लावायला सांगितलं. बाई आणखी एकदा बोलल्या. मंगेशची आई पडद्याला हात लावायला पुढे झाली, तिला कुणी अडवलं नाही. वकील काही बोलू लागला तर एसडीओ म्हणाले, थांबा, आधी हे लिहून घेऊ द्या.

मधली सुट्टी झाली. व्हरांड्यात साहेब बाईंजवळ आले. मी दोन हातांवर होतो. ते नेहमीच्या गोड आवाजात म्हणाले, "बाई, ऊन फार आहे. गावी आमची जीप चाललीच आहे, सोडतो तुम्हाला."

बाईंनी डोक्यावरचा पदर सारखा केला. "नाई साहेब," त्या म्हणाल्या. "तुमच्या जीपमधी बसलेला एक पोट्टा अजून घरी पोचला नाई."

साहेब हसले नाहीत. त्यांना न हसताना मी तेव्हा पहिल्यांदा पाहिलं. बाई माझ्याकडे वळल्या. "मास्तर, तुमचं होऊ द्या. मी इले धानोऱ्याच्या गाडीत बसवून देतो, अन् स्टँडवरच थांबतो. संगंच जाऊ." मंगेशच्या आईचा दंड धरून त्या पायऱ्या उतरल्या.

आई त्या दिवशी घरी पोचली. तिला गाडीत बसवून बाई खाली उतरल्या, हे तिनं नंतर शपथेवर सांगितलं. मी स्टँडवर गेलो तेव्हा बाकावर कुणी नव्हतं. चहावाल्यानं काही पाहिलं नव्हतं, पानवाल्यानं पाहिलं नव्हतं. बाईंचा जबाब मात्र कागदावर आहे, आणि साहेबांना त्यासाठी अजून तारखांना यावं लागतं.

मी त्यांना शेवटचं पाहिलं ते त्या कचेरीच्या खिडकीतून. रणरणत्या उन्हात दोघी बाया स्टँडच्या रस्त्यानं चालल्या होत्या. बाईंचं चालणं तेच, तुरुतुरु, आणि त्या आईला काहीतरी सांगत होत्या, हातवारे करून, मोठ्यानं. अंगणातली जीप सुरू झाली, फाटकातून बाहेर पडली आणि त्यांच्या मागून माणसाच्या पावलानं जाऊ लागली. बाईंनी एकदा मागे वळून तिच्याकडे पाहिलं. मग त्या आईला रस्त्याच्या आतल्या बाजूला घेतलं, स्वतः जीपच्या बाजूला झाल्या आणि बोलणं पुढे चालू ठेवलं. आतून शिपायानं माझं नाव पुकारलं.